निकाल लागला, मावेजा कुठे अडला?

जायकवाडीच्या डाव्या कालव्याने अंबड तालुक्यातील गोदाकाठच्या शिवाराचे रूप पालटले, हे कोणी नाकारणार नाही. १८ ऑक्टोबर १९६५ रोजी लालबहादूर शास्त्री यांच्या हस्ते पैठणला धरणाची पायाभरणी झाली आणि २४ फेब्रुवारी १९७६ रोजी इंदिरा गांधी यांच्या हस्ते उद्घाटन झाले. डावा कालवा २०८ किलोमीटर लांबीचा. त्याच्या पाण्यावर ऊस उभा राहिला, मोसंबीच्या बागा तगल्या. मात्र कालवा कोणाच्या तरी शेतातूनच जातो. मुख्य कालव्याला, चाऱ्यांना, पाझर तलावांना आणि पुढे रस्त्यांना ज्यांच्या जमिनी गेल्या, त्यांच्यापैकी कित्येकांच्या घरी पेटीच्या तळाशी आजही कागदांचे एक गाठोडे असते. त्यात भूसंपादनाचा निवाडा असतो, वाढीव मावेजाचा कोर्टाचा निकाल असतो, आणि पुष्कळदा तो निकाल ज्यांनी मिळवला त्या आजोबांच्या मृत्यूचा दाखलाही असतो.

कपाशीवरची बोंडअळी बघायला खेड्यात जावे, तर चहा होईतो विषय निघतो तो मावेजाचा. प्रश्न ठरलेला असतो. "साहेब, निकाल आमच्या बाजूने लागून इतकी वर्षे झाली. सरकार पैसे देत नाही. मग हा कोर्टाचा अवमान नाही का? अधिकाऱ्याला जेलात घालता येत नाही का?"

मी वकील नव्हे, शेतीखात्यातला माणूस. पण पीकपेरा, विहीर, बागेतली झाडे यांच्या माहितीसाठी भूसंपादनाच्या प्रकरणांत आमच्या खात्याला नेहमी विचारणा होते, त्यामुळे ही प्रकरणे जवळून पाहता आली. तुमच्या प्रकरणातला शेवटचा सल्ला तुमच्या वकिलाचाच घ्यावा. तरी वरच्या प्रश्नाचे थोडक्यात उत्तर असे, की जेलात घालता येते, पण क्वचित. बहुतेक प्रकरणांत अवमानाचा रस्ता लागूच पडत नाही. तिथे जो दुसरा रस्ता आहे तो आपण वेळेत धरत नाही.

आधी पैशाचे गणित समजून घेऊ. जायकवाडीच्या काळातील जमिनी १८९४ च्या भूसंपादन कायद्याखाली गेल्या. तो कायदा १ जानेवारी २०१४ पासून गेला आणि २०१३ चा नवा कायदा आला, परंतु जुन्या निवाड्यांवरचे वाद पुष्कळसे जुन्याच कायद्याने चालतात. जुन्या कायद्यात बाजारभावावर ३० टक्के दिलासा रक्कम मिळते (१९८४ च्या दुरुस्तीपूर्वी ती १५ टक्के होती). शिवाय कलम ४ च्या अधिसूचनेपासून निवाड्यापर्यंत किंवा ताब्यापर्यंत, जे आधी असेल तिथवर, बाजारभावावर सालाना १२ टक्के मिळतात. आणि कोर्टाने जी वाढ दिली तिच्यावर ताब्यापासून पहिल्या वर्षी ९ टक्के व पुढे दरसाल १५ टक्के व्याज. हे व्याज दिलासा रकमेवरही द्यावे लागते, असा निकाल सर्वोच्च न्यायालयाने १९ सप्टेंबर २००१ रोजी दिलेला आहे.

समजा कोर्टाने बाजारभावात एक लाख रुपये वाढवून दिले. दिलासा रक्कम ३०,००० रुपये. अधिसूचना ते निवाडा दोन वर्षे धरली तर १२ टक्क्यांनी २४,००० रुपये. झाले १,५४,००० रुपये. यावर पहिल्या वर्षाचे व्याज १३,८६० आणि पुढे दरवर्षी २३,१०० रुपये. दहा वर्षे पैसे थकले तर व्याजच २,२१,७६० रुपये होते आणि एकूण येणे ३,७५,७६० रुपयांवर जाते. बँकेत ठेव ठेवून पंधरा टक्के कोणाला मिळतात? थकवणाऱ्या कचेरीच्या खिशातून काही जात नाही, हा भुर्दंड सगळ्यांच्या करातून भरला जातो. म्हणून पैसे वेळेवर देणे सरकारच्याही फायद्याचे आहे. तरी ते होत नाही.

का होत नाही? मी स्वतः सरकारी चाकरीतला असल्याने फायलीची चाल ओळखून आहे. जमीन घेतली भूसंपादन अधिकाऱ्याने, म्हणजे महसूल खात्याने. वापरली पाटबंधाऱ्याने. जायकवाडीसारख्या प्रकल्पांचा कारभार आता १९९८ साली स्थापन झालेल्या गोदावरी मराठवाडा पाटबंधारे विकास महामंडळाकडे आहे. कोर्टाचा निकाल आला की महसूल लिहिते, पैसे संपादन करणाऱ्या संस्थेने पाठवावेत. संस्था लिहिते, अनुदान आल्यावर पाठवू. तिसरीकडे अपील करावे की नाही, यावर अभिप्राय मागवलेला असतो. अभिप्राय येईपर्यंत अपिलाची मुदत टळते, मग उशीर माफ करा म्हणून अर्ज. दरम्यान ज्या साहेबांनी "पुढच्या महिन्यात बघू" म्हटले होते त्यांची बदली होते. सरकारी काम अन् सहा महिने थांब ही म्हण लोकांनी उगाच नाही केली. यात प्रत्येक वेळी कोणाचा दुष्टपणा असतो असे नाही, पण शेतकऱ्याच्या मुलीचे लग्न या पत्रव्यवहाराची वाट पाहत नाही.

इथे पहिली गोष्ट ध्यानात ठेवा. "सरकारने अपील केले आहे" असे कोणी सांगितले म्हणून गप्प बसू नये. नुसते अपील दाखल झाल्याने निकालाला स्थगिती मिळत नाही. स्थगितीचा स्वतंत्र हुकूम लागतो. आपल्या भागातील अपिले उच्च न्यायालयाच्या छत्रपती संभाजीनगर (पूर्वीचे औरंगाबाद) खंडपीठात जातात. तिथे स्थगिती देताना बहुधा रक्कम कोर्टात जमा करण्याची अट घातली जाते, आणि जमा झालेल्या रकमेतील काही भाग जामीन किंवा हमीपत्रावर उचलण्याची परवानगी मागता येते. ही परवानगी आपण मागितली तरच मिळते. रक्कम कोर्टात वर्षानुवर्षे पडून आणि मालक सावकाराच्या दारात, अशी उदाहरणे आहेत.

दरखास्त: न वापरलेले हत्यार

स्थगिती नसेल आणि पैसेही आले नसतील, तर करावयाची गोष्ट म्हणजे दरखास्त. कोर्टाचा मावेजाचा निकाल हा दिवाणी हुकूमनाम्यासारखा अमलात आणता येतो. सरकारविरुद्धच्या हुकूमनाम्यासाठी दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ८२ ने तीन महिन्यांची सवड दिली आहे. तेवढ्यात पैसे आले नाहीत तर अंमलबजावणीचा हुकूम काढता येतो. दरखास्तीची मुदत बारा वर्षांची. बारा वर्षे म्हणजे पुष्कळ, असे वाटून माणूस निर्धास्त होतो आणि मग तेराव्या वर्षी वकिलाकडे जातो. बैल गेला अन् झोपा केला, अशातली गत.

वर्तमानपत्रात अधूनमधून बातमी येते, "जिल्हाधिकाऱ्यांच्या खुर्चीची जप्ती", "पाटबंधारे कार्यालयाची जीप जप्त". ते याच दरखास्तीतून घडते. बेलीफ जप्तीचे वॉरंट घेऊन कचेरीत येतो, खुर्च्या, टेबले, संगणक मोजू लागतो. लोकांना वाटते, लाखोंच्या येण्यापुढे दोन खुर्च्यांचे काय येणार? खुर्ची विकून मावेजा भरत नाही हे खरेच. पण बेलीफ दारात उभा राहिला की तीन कचेऱ्यांत फिरणारी फाईल एका दिवसात एका टेबलावर येते. पुष्कळदा अधिकारी कोर्टात हजर होऊन लेखी मुदत मागतात. ती लेखी मुदत फार मोलाची आहे. तिची नक्कल घेऊन ठेवावी. का, ते पुढे सांगतो.

सरकारने थोडीथोडी रक्कम भरली तर हिशेब कसा मांडायचा, यावर हमखास भांडण होते. भरलेली रक्कम आधी व्याजात, मग खर्चात आणि शेवटी मुद्दलात जमा धरण्याचा हुकूमधारकाचा हक्क सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने २००६ साली मान्य केला आहे, अर्थात हुकूमनाम्यात वेगळे सांगितलेले नसेल तर. कचेरीचा हिशेब डोळे मिटून मान्य करू नये.

अवमान केव्हा होतो?

आता मूळ प्रश्नाकडे येऊ. न्यायालय अवमान अधिनियम १९७१ चा आहे. न्यायालयाचा हुकूम जाणूनबुजून मोडणे, किंवा न्यायालयाला दिलेली हमी जाणूनबुजून मोडणे, याला दिवाणी अवमान म्हणतात. शिक्षा जास्तीत जास्त सहा महिने साधी कैद किंवा दोन हजार रुपये दंड किंवा दोन्ही. मनापासून मागितलेली माफी न्यायालय स्वीकारू शकते आणि बहुतेक वेळा स्वीकारते.

यात "जाणूनबुजून" हा शब्द महत्त्वाचा. अनुदान आले नाही, हुकूम पोचला नाही, फाईल वर पाठवली आहे, ही कारणे पुढे करायला जागा राहते. शिवाय पैशाचा साधा हुकूमनामा असेल तर उच्च न्यायालय विचारते, दरखास्तीचा रस्ता असताना अवमानाकडे का आलात? वसुलीसाठी अवमान हे हत्यार नव्हे, अशी न्यायालयांची साधारण भूमिका आहे. म्हणून कनिष्ठ न्यायालयाच्या निकालाचे पैसे थकले की थेट अवमान याचिका करायला निघालेल्या शेतकऱ्याचे गाडीभाडे आणि वेळ दोन्ही फुकट जातात.

अवमान लागू पडतो तो असा. वाढीव मावेजासाठी कोर्टात न गेलेल्या शेतकऱ्यालाही, त्याच अधिसूचनेतल्या शेजाऱ्याला वाढ मिळाली तर, जुन्या कायद्याच्या कलम २८-अ खाली जिल्हाधिकाऱ्यांकडे अर्ज करता येतो. मुदत कोर्टाच्या त्या निकालापासून तीन महिने. नक्कल मिळण्यात गेलेले दिवस त्यातून वजा होतात. असे अर्ज वर्षानुवर्षे पडून राहतात. मग शेतकरी उच्च न्यायालयात रिट याचिका करतो आणि न्यायालय हुकूम देते, "अमुक इतक्या महिन्यांत या अर्जावर निर्णय द्या." हा हुकूम नेमक्या अधिकाऱ्याला, नेमक्या मुदतीचा असतो. मुदत गेली आणि काहीच झाले नाही, तर तो अवमान. तसेच "आठ आठवड्यांत रक्कम जमा करू" अशी हमी सरकारतर्फे न्यायालयात नोंदवली आणि पाळली नाही, तर तोही अवमान. वर जी लेखी मुदत जपून ठेवा म्हटले ती याचसाठी.

इथे दोन गोष्टी चुकतात. एक, हुकूम झाला म्हणजे अधिकाऱ्याला आपोआप कळला असे आपण समजतो. हुकुमाची सहीशिक्क्याची नक्कल काढावी, अर्जासोबत आवक-जावक टेबलावर द्यावी, पोच घ्यावी, शिवाय पोचपावतीच्या रजिस्टर टपालाने पाठवावी. अधिकारी बदलला तर नव्याला पुन्हा द्यावी. दुसरी, अवमानाची मुदत एक वर्षाची आहे. हुकूम ज्या दिवशी मोडला गेला तिथून वर्ष मोजायचे. "साहेब चांगले आहेत, देतो म्हणाले" यात अकरा महिने सहज जातात.

अवमानाची धार प्रत्यक्षात किती, याची दोनतीन उदाहरणे सांगतो. १० मे २००६ रोजी सर्वोच्च न्यायालयाने महाराष्ट्राचे तत्कालीन मंत्री स्वरूपसिंह नाईक आणि वनखात्याचे तत्कालीन प्रधान सचिव यांना अवमानाबद्दल प्रत्येकी एक महिन्याची कैद दिली. ते प्रकरण मावेजाचे नव्हते, न्यायालयाची बंदी डावलून लाकूड गिरण्यांना दिलेल्या परवानग्यांचे होते. पण मंत्रीसुद्धा या कायद्याबाहेर नाही, हे त्यातून कळले. जमिनीच्या मावेजाचे उदाहरण आंध्र प्रदेशातले आहे. नेल्लोर जिल्ह्यातील एका शेतकरी बाईची जमीन घेतली, पण पैसे दिले नाहीत. उच्च न्यायालयाने फेब्रुवारी २०१७ मध्ये तीन महिन्यांत पैसे द्यायला सांगितले. पैसे आले २०२१ साली, तेही अवमान याचिका झाल्यावर. २ सप्टेंबर २०२१ रोजी न्यायालयाने काही वरिष्ठ सनदी अधिकाऱ्यांना कैद व दंड सुनावला आणि अपील करता यावे म्हणून शिक्षा महिनाभर तहकूब ठेवली. पैसे शेवटी दिले म्हणून उशीर माफ होत नाही, हे त्या बाईच्या चिकाटीने दाखवून दिले.

आणि अगदी आपल्या राज्यातले, पुण्याजवळच्या पाषाणचे. एका कुटुंबाने १९५० साली घेतलेली सुमारे २४ एकर जमीन सरकारने १९६३ मध्ये ताब्यात घेऊन संरक्षण खात्याच्या संस्थेला दिली. कुटुंब सर्वोच्च न्यायालयापर्यंत जिंकले. बदली जमीन मिळाली २००४ साली, आणि ती निघाली वनजमीन! ऑगस्ट २०२४ मध्ये राज्याने ३७ कोटी ४२ लाखांचा आकडा सांगितला, तेव्हा न्यायमूर्ती गवई व न्यायमूर्ती विश्वनाथन यांच्या पीठाने सुनावले, की योग्य मावेजा देत नसाल तर लाडकी बहीणसारख्या फुकट वाटपाच्या योजना थांबवू. पुढे महसूल खात्याच्या अप्पर मुख्य सचिवांनी जे शपथपत्र केले त्यातील भाषेवरून त्यांना अवमानाची नोटीस निघाली आणि सप्टेंबरात त्यांनी माफी मागितली. लाडक्या बहिणीचे पैसे कोणाला नको आहेत? माझ्या मते न्यायालयाचा रोख योजनेवर नव्हताच. नव्या वाटपाला पैसे आहेत आणि जुन्या देण्याला नाहीत, हे न्यायालयाला खटकले. ते आपल्यालाही खटकायला हवे.

अर्थात न्यायालयेही हा दंडुका जपून वापरतात. ऊठसूट अधिकाऱ्यांना न्यायालयात उभे करू नये, आधी शपथपत्रावर व गरज पडल्यास दूरदृश्य प्रणालीवर काम भागवावे, असे सर्वोच्च न्यायालयाने ३ जानेवारी २०२४ रोजी सर्व न्यायालयांना सांगितले आहे. म्हणून "साहेबाला कोर्टात खेचतो" या उमेदीवर फार विसंबू नये.

ज्यांचा निवाडाच झाला नाही

मराठवाड्यात एक वेगळा वर्ग आहे. १९७२ च्या दुष्काळात लोकांना काम द्यायचे म्हणून पाझर तलाव, नाले, रस्ते यांची कामे घाईने निघाली. कित्येक ठिकाणी ताबा आधी, कागद मागाहून असे झाले, आणि काही ठिकाणी कागद आलाच नाही. त्यांच्याकडे निकाल नाही, म्हणून दरखास्तही नाही आणि अवमानही नाही. पण दार बंद झालेले नाही. हिमाचल प्रदेशात एका अशिक्षित विधवेची जमीन १९६७-६८ साली रस्त्याला गेली. पन्नास वर्षांनी ती सर्वोच्च न्यायालयात पोचली, तेव्हा तिचे वय ऐंशीच्या घरात होते. सरकार म्हणाले, इतकी वर्षे आमचा कब्जा आहे, म्हणजे जमीन आमचीच झाली! ८ जानेवारी २०२० रोजी न्यायालयाने हे म्हणणे फेटाळले आणि शेजारच्या जमिनींच्या दराने मावेजा द्यायला लावला. कल्याणकारी सरकारने प्रजेच्या जमिनीवर कब्जेदाराचा हक्क सांगू नये, हे त्या निकालाचे सार. ज्यांच्या सातबाऱ्यावर आजही आजोबांचे नाव आणि शिवारात तलावाचे पाणी आहे, त्यांनी जुने फेरफार, मोजणी नकाशा आणि पूर्वीचे पीकपेऱ्याचे उतारे काढून ठेवावेत.

शहागडवरून जाणाऱ्या सोलापूर-धुळे महामार्गासारख्या राष्ट्रीय महामार्गांचा कायदा निराळा. तिथे मावेजा मान्य नसेल तर लवादाकडे जायचे असते. त्या कायद्यात दिलासा रक्कम नव्हती, पण ती व व्याज महामार्गाच्या शेतकऱ्यालाही द्यावे, असे सर्वोच्च न्यायालयाने १९ सप्टेंबर २०१९ रोजी ठरवले आणि ते मागील प्रकरणांनाही लागू असल्याचे फेब्रुवारी २०२५ मध्ये स्पष्ट केले. नव्या, २०१३ च्या कायद्यात दिलासा रक्कम १०० टक्के आहे.

नव्याने जमीन जात असेल त्यांच्यासाठी थोडे. निवाड्याची रक्कम उचलताना पावतीवर "हरकत राखून स्वीकारली" असे लिहिल्याशिवाय सही करू नका. तसे लिहिले नाही तर वाढीव मावेजाचा अर्जच करता येत नाही. अर्जाची मुदत निवाड्याच्या वेळी हजर असाल तर सहा आठवडे. हजर नसाल तर नोटीस मिळाल्यापासून सहा आठवडे किंवा निवाड्यापासून सहा महिने, यांत जे आधी संपेल ते. विहीर, पाइपलाइन, मोसंबीची झाडे, बांधावरचे आंबे यांची नोंद सातबाऱ्यावर आणि पंचनाम्यात आली की नाही, ते ताबा देण्याआधी पाहावे. जिरायत लिहिलेली जमीन बागायत होती, हे कालवा खणल्यावर सिद्ध करणे फार जड जाते.

लोकअदालतीत तडजोड करण्याला माझा विरोध नाही, वेळ वाचतो. पण एक खाचखळगा आहे. लोकअदालतीतील तडजोडीच्या आधारावर शेजाऱ्यांना कलम २८-अ चा अर्ज करता येत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने फेब्रुवारी २०२२ मध्ये सांगितले. म्हणून गावातल्या ज्या खटल्यावर बाकीच्यांची आशा आहे, तो कोणता आणि कसा मिटवायचा, हे सगळ्यांनी एकत्र बसून ठरवावे.

घरातील बायकांनीही हे गाठोडे उघडून बघावे, अशी माझी आग्रहाची विनंती आहे. दावा करणारा माणूस वारला की वारसांची नावे वेळेत प्रकरणात लावावी लागतात, आणि त्यात पत्नी व मुलींची नावे गाळू नयेत. गाळली तर पैसे आल्यावर घरातच दुसरा खटला सुरू होतो. रक्कम थेट आपल्या बँक खात्यात येईल असेच अर्जात लिहावे. "निम्मा मावेजा माझा" असा करार करणारा वकील भेटला तर त्याला नम्रपणे नाही म्हणावे. वसुलीत वाटा ठरवायला वकिलांच्या परिषदेच्या नियमांनीच मनाई आहे. वकिलाची फी परवडत नसेल तर तालुका विधी सेवा समितीकडे अर्ज करता येतो. स्त्रियांना आणि अनुसूचित जाती-जमातींच्या व्यक्तींना उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो. अर्जासोबत निवाड्याची नक्कल, निकालाची नक्कल आणि शेवटच्या तारखेचा कागद जोडावा.